आरोपी आधी, गुन्हा मागून

दोन वर्षांपूर्वी माझ्या हातून आमटी खारट झाली होती. तशी ती सगळ्यांच्याच हातून कधी ना कधी होते. पण माझ्या आमटीचा जबाब लिहिलेला आहे, शेजारच्या नामदेव हवालदारांच्या वहीत, तारीख-वेळेसकट. ‘सदर आमटीमध्ये मिठाचे प्रमाण जास्त झाल्याचे मला मान्य असून त्याबाबत माझा कोणावरही संशय नाही.’ खाली माझी सही आहे. चौथीपर्यंत शाळा झाली आहे माझी, अंगठा लावत नाही.

नामदेव हवालदार पोलिसात होते, पण त्यांनी चोर पकडल्याचं शिरुरात कुणी पाहिलेलं नाही. ते रायटर. म्हणजे ठाण्यात टेबलामागं बसून लिहिणारे. फिर्याद, जबाब, पंचनामा, सगळं त्यांच्या हातचं. काही वर्षं शिरूर, काही वर्षं दौंड, परत शिरूर, अशी अख्खी नोकरी दोन तालुक्यांतल्या लोकांचं म्हणणं लिहिण्यात गेली. उजव्या हाताच्या मधल्या बोटाला पेनानं घट्टा पडलाय, ऊसतोड्याच्या हाताला कोयत्यानं पडावा तसा. निवृत्त होऊन आठ-नऊ वर्षं झाली, पण ते बोट काही निवृत्त झालेलं नाही.

त्यांचं बोलणंही कागदावरचंच. दारात कुणी आलं तर पाहुणा आलाय म्हणायचं नाही, ‘अनोळखी इसम’ आलाय म्हणायचं. आमच्या आळीतलं मांजर मेलं तर ते ‘मयत मांजर’. त्यांची एकुलती मुलगी बघायला बारामतीहून मुलगा आला, तेव्हा हवालदारांनी त्याला पोहे पुढं करून विचारलं, ‘यापूर्वी मुलगी पाहण्याकामी कुठं गेला होता का, गेला असल्यास कोणासोबत व किती वाजता परत आला?’ पोरगं इतकं घाबरलं की आधी बघितलेल्या तिन्ही मुलींची नावं सांगून मोकळं झालं. मुलगी त्यालाच दिली. ती तीन नावं अजून वहीत आहेत.

त्यांची बायको सिंधू. लोक म्हणतात, ती कमी बोलते. ते काही खरं नाही. तिनं बोलायला सुरुवात केली की वाक्य हवालदार पुरं करतात, एवढंच. ती म्हणायची, “आज बाजारात—” की हे म्हणायचे, “वांगी महाग.” तिला वांग्याचं काही सांगायचंच नसायचं. पण वाक्य तर पुरं झालेलं असायचं. मग ती गप्प बसायची. हे माणूस वाईट मनानं करत नव्हतं. जन्मभर समोर बसलेल्या माणसाच्या रडण्या-अडखळण्यातून वाक्य पुरं करून कागदावर उतरवायची सवय. तेच घरी आलं.

निवृत्त झाल्यावर हवालदार वाचनालयात जाऊ लागले. तिथं शबाना असते, तिच्या आजोबांपासून ते कुटुंब शिरुरात आहे, आणि ती त्यांना काका म्हणते. हवालदार फक्त खुनाची पुस्तकं आणतात. आणि आणलं की आधी शेवटचं पान वाचतात.

“आरोपी निष्पन्न झाल्याशिवाय मी गुन्ह्याला हात लावत न्हाई,” असं त्यांचं म्हणणं.

आरोपी कळला की मग पहिल्यापासून वाचायचं, ते तपास नीट झालाय का हे बघायला. चुका एका चिठ्ठीवर लिहून पुस्तकात ठेवतात. ‘घटनास्थळाचा पंचनामा केलेला नाही.’ ‘साक्षीदाराचे वय नमूद नाही.’ ‘कुत्रा भुंकला नाही याचे कारण विचारलेले दिसत नाही.’

शबाना एकदा त्यांना म्हणाली, “काका, ही गोष्ट आहे.”

“गोष्ट असली म्हणून काय झालं? मयत तर झालाय ना माणूस?”

आता त्या पुस्तकाकडं येते. नाव सांगणार नाही. सांगितलं तर तुम्ही आणायला जाल, मध्येच कुणीतरी शेवट सांगेल आणि माझ्या नावानं खडे फोडाल. एवढं सांगते की कोकणातल्या एका गावात तीन रिकामी म्हातारी माणसं असतात. एक पोस्टमन होता, एक कंपाउंडर, आणि एक शाळेतली शिपाईबाई. नाटक मंडळाच्या अध्यक्षाचं प्रेत गावच्या बागेत सापडतं आणि हे तिघं चहा पीत पीत खुनी शोधून काढतात. पोलीस मागनं येतात. रक्त फारसं नाही, मारामारी नाही. चहा मात्र पानोपानी.

हवालदारांनी ते पुस्तक वाचून माठाच्या फळीवर ठेवलं होतं. सिंधूनं फळी पुसायला उचललं आणि उभ्याउभ्या पहिलं पान वाचलं. तिचं वाचन म्हणजे एरवी श्रावणातली पोथी. त्या दिवशी तिचं दूध उतू गेलं. दुसऱ्या दिवशीही गेलं. तिसऱ्या दिवशी पुस्तक घेऊन ती माझ्याकडं आली.

“आक्का, ती शिपाईबाई लई आगाऊ हाय,” ती म्हणाली. “पण मला त्या बागेतल्या माळ्याचं काय खरं वाटंना. कायतरी लपवतोय. खुरपं धुवून कोण ठेवतं? मी तरी कधी ठेवलं न्हाई. आन् त्याची बायको माहेरी गेलीय म्हणतात, पण दोरीवर लुगडं वाळतंय.”

मी तिला पस्तीस वर्षं ओळखते. एवढं सलग बोलताना पहिल्यांदा ऐकत होते. मी मध्ये बोलले नाही, कारण मला पुस्तकातलं काही माहीतच नव्हतं.

तिनं नवऱ्याला बजावलं होतं, शेवट सांगायचा नाही. हवालदारांनी चार दिवस दम धरला. त्यांच्या मानानं ते पुष्कळ झालं. पाचव्या दिवशी जेवायला बसले असताना सिंधू म्हणाली, “मला त्या माळ्यावर—”

“माळी न्हाई,” हवालदार म्हणाले, आणि खुन्याचं नाव सांगून वाक्य पुरं केलं.

 सिंधूनं त्यांना भाकरी वाढली. स्वतः जेवली. सकाळी भांडी घासली, दुधाचं पातेलं झाकून ठेवलं आणि पिशवी घेऊन एसटी स्टँडवर गेली.

मग हवालदार माझ्या दारात.

“आक्का, सौभाग्यवती सिंधू, वय एकसष्ट, नेसणीस हिरवे लुगडे, हातात कापडी पिशवी, कोणास काही न सांगता निघून गेली हाय.”

“कुठं गेली?”

“वडगाव रासाईला. भावाकडं. मेव्हण्याचा फोन आला व्हता, सुखरूप पोचली म्हणून.”

“मग बेपत्ता कशाला म्हणता?”

“बेपत्ता कुठं म्हणलं? निघून गेली म्हणलं.”

मी काय झालं ते विचारलं. त्यांनी वर लिहिलंय तेच सांगितलं, जरा लांबवून.

“मी खोटं काय सांगितलं?” ते म्हणाले. “आरोपी तोच हाय. पान दोनशे अकरा.”

“तिनं तुम्हाला विचारलं व्हतं का?”

“विचारायला कशाला पाहिजे? वाक्य अर्धवट व्हतं.”

दोन आठवडे गेले. सिंधू फोन उचलायची नाही. मेव्हणा उचलायचा आणि म्हणायचा, ताई कामात हाय. मुलीनं बारामतीहून दोन्हीकडं फोन केले, तिला दोन्हीकडून काही कळलं नाही. एका पुस्तकावरनं कोण घर सोडतं, असं आळीतल्या बायका म्हणायच्या. मला तसं वाटलं नाही. माणूस घर सोडतं ते शेवटच्या गोष्टीवरून सोडतं, पण शेवटच्या गोष्टीसाठी सोडत नाही.

हवालदारांना मात्र वाटलं, हा पुराव्याचा प्रश्न आहे. खुनी आधी कळला तरी पुस्तकाची गोडी कमी होत नाही, हे वाचकांच्या जबाबांवरून शाबीत करायचं, आणि ते कागद वडगावला पाठवायचे. म्हणजे सिंधूला परत यावंच लागेल. असा त्यांचा बेत.

पुस्तक एकच. मग ते आळीत फिरलं. प्रत्येकाला तीन दिवस. हातात देताना हवालदार आधी खुनी सांगायचे, कारण सगळी भिस्त त्यावरच होती. तीन दिवसांनी वही घेऊन हजर. ‘मी खाली सही करणार, वय अमुक, धंदा अमुक, राहणार शिरूर, समक्ष विचारल्यावरून जबाब देतो की,’ आणि मग पुस्तकाबद्दल.

तीस-पस्तीस दिवसांनी माझी पाळी आली. मला वाचायला वेळ लागतो, मला सहा दिवस दिले. मी वाचलं आणि सांगितलं, “पुस्तक बरं हाय. पण तिघंबी सत्तरीचे, आन् पावसाळ्यात टेकडी चढून जातात. एकाचाबी गुडघा दुखत न्हाई. असं कुठं असतं व्हय? आन् खुनी आधी कळल्यावर निम्मी मजा गेली. मी तुमच्यामुळं पुढची पानं नुसती उलटली.”

हवालदारांनी खाली मान घालून लिहिलं आणि सहीसाठी वही पुढं केली. मी वाचून बघितलं. लिहिलं होतं, ‘पुस्तक चांगले असून त्यातील इसमांचे गुडघ्यांबाबत माझी काही एक तक्रार नाही. आरोपी अगोदर समजल्याने वाचनास कोणतीही बाधा आली नाही.’

“हे मी बोलले न्हाई.”

“मथितार्थ तोच हाय, आक्का.”

मी वही ओढून घेतली आणि मागची पानं वाचली. सगळी आळी खूश होती. इस्माईलचाचा, ज्यांचं स्टँडजवळ केस कापायचं दुकान आहे, तेही खूश. पण चाचा मला स्वतः बोलले होते, “मयत चार दिवस बेपत्ता व्हता म्हणतात, आन् त्याची दाढी गुळगुळीत. लिहिणाऱ्यानं जन्मात कुणाची दाढी केलेली न्हाई, भाभी.” वहीत होतं, ‘मयताचे दाढीबाबत साक्षीदाराने समाधान व्यक्त केले.’ कोपऱ्यावरच्या गायकवाड बाई शाळेतून निवृत्त झालेल्या. त्या म्हणाल्या होत्या, खुनी आधी सांगून पुस्तक देणं म्हणजे पेपर फुटल्यावर परीक्षेला बसवणं आहे. वहीत होतं, ‘शैक्षणिकदृष्ट्या पुस्तक उपयुक्त.’

“हवालदार,” मी म्हटलं, “निम्मी आळी म्हणतेय मजा गेली. तुम्ही लिहिताय मजा आली.”

“लोकांना नीट सांगता येत न्हाई. आपण समजून घ्यायचं आसतं.”

“सिंधूलाबी असंच समजून घेत व्हता व्हय?”

त्यांनी सहीची जागा परत बोटानं दाखवली. नोकरीत साक्षीदार रडायचे, भांडायचे, पण वाचून दाखवल्यावर सही करायला कुणी नाही म्हटलेलं नव्हतं.

“मी बोलले तसं लिहा,” मी म्हटलं. “न्हाईतर माझी सही मिळायची न्हाई.”

त्यांनी चष्मा काढून पुसला. मग एका सरळ रेघेनं सगळं खोडलं आणि म्हणाले, “सांगा.” मी सांगितलं. ते लिहीत गेले. ‘असं कुठं असतं व्हय’ इथं पेन अडलं, माझ्याकडं बघितलं, पण लिहिलं.

दुसऱ्या दिवसापासून ते प्रत्येकाच्या घरी परत गेले. पुरवणी जबाब घ्यायचाय म्हणून. चाचांनी गिऱ्हाईक थांबवून दाढीवर अर्धा तास सांगितलं. गायकवाड बाईंनी त्यांना पाटावर बसवून सांगितलं. वही भरली. त्या वहीत हवालदारांच्या बाजूनं जवळजवळ कुणीच नव्हतं.

“आता काय करायचं, आक्का?” ते म्हणाले. “केस तर पडली.”

“पाठवा तशीच.”

न्यायला माणूस नव्हतं, मीच गेले. मलाही सिंधूशिवाय दुपार जात नव्हती. हे त्यांना सांगायची गरज वाटली नाही.

वडगाव रासाई भीमेच्या काठाला. सिंधूच्या भावाचं घर उसाच्या कडेला, पुढं मोठं अंगण. सिंधू लसूण सोलत बसली होती. मी वही दिली. तिनं हात पुसले आणि सगळी वही वाचली, एक अक्षर सोडलं नाही. दाढीपाशी हसली. गुडघ्यापाशी तर इतकी हसली की भावजय आतून बघायला आली.

“हे ह्यांनी लिहिलंय?” ती म्हणाली. “लोक बोलले तसंच?”

“दुसऱ्या खेपंला. पहिल्यांदा न्हाई.”

तिनं वही परत पुढून मागं चाळली. काहीतरी शोधत होती.

“आन् ह्यांचा कुठाय?”

“कुणाचा?”

“ह्यांचाच. सगळ्या आळीचं म्हणणं हाय ह्याच्यात. ह्यांना पुस्तक कसं वाटलं ते कुठाय?”

मला तोपर्यंत ते सुचलंच नव्हतं. तिनं वही माझ्या पिशवीत घातली, वरनं लसणाची गड्डी टाकली आणि मला एसटीपर्यंत सोडायला आली. येते का नाही, याबद्दल ती बोलली नाही. मी विचारलंही नाही.

हवालदार दारातच उभे होते. मी निरोप सांगितला.

“मी तपास करणारा,” ते म्हणाले. “तपास करणाऱ्याचा जबाब नसतो.”

पण रात्री त्यांनी प्रयत्न केला असावा. सकाळी मी ताक द्यायला गेले तर टेबलावर चार पानं फाडून ठेवलेली. पाचव्यावर होतं, ‘मी खाली सही करणार नामदेव, वय ६७, धंदा निवृत्त, समक्ष विचारल्यावरून.’ पुढं कोरं.

“इथंच अडतंय,” ते म्हणाले. “विचारल्यावरून लिहायचं, पण विचारलं कुणी? मला कधी कुणी विचारलेलं न्हाई, आक्का. मीच विचारायचो.”

“सिंधूनं विचारलंय की. मी काय सांगितलं काल?”

त्यांनी ते पान हातात घेतलं. मग म्हणाले, “पण ते पुस्तक मला कसं वाटलं, हे मलाच ठाऊक न्हाई. मी त्याच्या चुका बघितल्या नुसत्या.”

मी ताकाचं भांडं ठेवून घरी आले. असल्या वेळी दुसऱ्याच्या घरात थांबू नये.

दोन दिवसांनी त्यांनी मला वाचनालयात बोलावलं. शबानाही होती. त्याच तिघा म्हाताऱ्यांचं दुसरं पुस्तक आलं होतं, नवंकोरं, कुणी न वाचलेलं. हवालदारांनी सोबत दोऱ्याची गुंडी, तपकिरी कागद, मेणबत्ती आणि लाखेची कांडी आणली होती.

“काका, पुस्तक वाचनालयाचं आहे,” शबाना म्हणाली. “लाख लावून खराब करायचं नाही.”

“पानाला डाग पडणार न्हाई. मी मुद्देमाल सील करण्यात जन्म घालवलाय.”

शेवटचं प्रकरण कुठं सुरू होतं ते शबानानं शोधायचं ठरलं. ती शोधत होती तेवढा वेळ हवालदार भिंतीकडं तोंड करून उभे राहिले, शाळेत शिक्षा केल्यासारखे. वर्तमानपत्र वाचणारी दोन माणसं मान वर करून बघायला लागली. तिनं पानं धरून ठेवल्यावर ते वळले. मग शेवटच्या प्रकरणाला तपकिरी कागदाचं पाकीट केलं, आडवा-उभा दोरा बांधला, गाठीवर लाख ओतली आणि त्यावर जुनं नाणं दाबलं. वरच्या लेबलवर आम्हा दोघींच्या पंच म्हणून सह्या घेतल्या. हात अजिबात हलला नाही. शबाना हसत होती, पण सही करताना तिनं पूर्ण नाव लिहिलं.

“हे कशापायी?” मी विचारलं.

“मी सीलपतोर वाचणार. पुढचं न्हाई.”

पाच दिवसांत त्यांचं वाचून झालं. सहाव्या दिवशी बघितलं तर पुस्तक मांडीवर, सील जसंच्या तसं, आणि हवालदारांचे डोळे तांबारलेले.

“आक्का, झोप लागंना,” ते म्हणाले. “कोण हाय काय कळत न्हाई. कंपाउंडरच्या मेव्हण्यावर संशय जातो, पण मग त्या चावीचं काय? सकाळी दात घासताना वाटलं, बाई असंल. चूळ भरेपतोर वाटलं, न्हाई, बाई न्हाई.”

“मग फोडा की. लाखच हाय.”

“न्हाई.” त्यांनी पुस्तक रुमालात बांधलं. “तुम्ही एवढं वडगावला नेऊन द्या.”

“मी काय पोस्ट हाय का? बायको तुमची. तुम्ही जा.”

“मी अडतीस वर्षांत तिकडं एकदाबी मुक्काम केलेला न्हाई. बंदोबस्त तरी असायचा, न्हाईतर कागद तरी.”

“आता काय हाय?”

त्यांनी रुमालाची गाठ परत आवळली. पण एकट्यानं जायचा धीर होईना, म्हणून मी सोबत गेले. गाडी न्हावऱ्याच्या पुढं गेली तेव्हा मी त्यांना विचारलं, की हा शेवट आधी वाचायचा नाद मुळात लागला कसा. वेळ जायला म्हणून विचारलं. ते खिडकीबाहेर बघत बोलले.

“दौंडला आसताना भांडगावची एक बाई आली व्हती. तिचा नवरा सोलापूरकडच्या गाडीतनं दौंडला उतरला. उतरताना लोकांनी बघितला. घरी पोचला न्हाई. मी तिचा जबाब लिहिला. चांगला लिहिला, साहेबांनी शाबासकी दिली. मग ती दर आठवड्याला यायची आन् विचारायची, काय कळलं का. मी म्हणायचो, तपास चालू हाय. एकदा तर डब्यात धपाटी घेऊन आली माझ्यासाठी. मग माझी बदली झाली शिरूरला.”

“आन् नवरा?”

“मला म्हाईत न्हाई. आजपतोर म्हाईत न्हाई. दुसऱ्याकडं कागद गेले. असे किती गेले असतील, आक्का. पहिलं पान सगळ्यांचं माझ्या हातचं. शेवटचं एकाचंबी मी बघितलेलं न्हाई. म्हणलं, निदान पुस्तकात तरी—”

त्यांनी वाक्य सोडून दिलं. मीही ते पुरं केलं नाही. कंडक्टर आला, मी माझं अर्धं तिकीट काढलं.

सिंधू अंगणात होती. नवऱ्याला बघून तिनं डोक्यावरचा पदर सारखा केला आणि पाण्याचा तांब्या आणून ठेवला. हवालदार खाटेच्या कडेला बसले, बाहेरगावच्या साक्षीदारासारखे. रुमाल सोडून पुस्तक तिच्या हातात दिलं. ती सीलकडं बघत राहिली. दोरा ओढून बघितला. लेबल उन्हात धरून आमच्या सह्या वाचल्या.

“हे फोडलेलं न्हाई?”

“न्हाई.”

“तुम्ही वाचलं?”

“तिथपतोर.”

“मग कोण हाय?”

मला वाटलं आता ते कंपाउंडरच्या मेव्हण्याचं, चावीचं सगळं सांगतील. त्यांचे ओठ हललेसुद्धा.

“मला म्हाईत न्हाई,” ते म्हणाले. “लई जीव वर-खाली झाला वाचताना. तू म्हणत व्हतीस तसं. मला तुझ्याकडनं ऐकायचंय, कोण वाटतंय ते.”

सिंधूनं पुस्तक पालथं केलं, सुलटं केलं.

“मी आजून वाचलं कुठं? वाचून झाल्यावर सांगीन. मग दोघांनी फोडू. मग येते घरी.” थोडं थांबून म्हणाली, “पण मी सावकाश वाचते. आठवडा लागंल. धा दिवसबी लागतील.”

“लागू दे. मी थांबतो.”

“हितं?”

“व्हय.”

आतून भावजयीच्या हातातली पळी खाली पडल्याचा आवाज आला. अडतीस वर्षांत एक रात्र न राहिलेला जावई दहा दिवस राहणार म्हणजे तिचं काय झालं असेल ते मी समजू शकते.

सिंधू तिथंच भिंतीला टेकून बसली आणि तिनं पहिलं पान उघडलं. वाचताना तिचे ओठ हलतात. मध्येच ती म्हणाली, “हा नवा पोस्टमास्तर—” आणि थांबली. सवयीनंच थांबली, वाक्य दुसरीकडून पुरं व्हायची वाट बघत. काही आलं नाही. तिनं वर बघितलं. हवालदार तिच्याकडंच बघत होते, तोंड घट्ट मिटून. मग तिनं स्वतःच सांगितलं, तो पोस्टमास्तर तिला का आवडला नाही ते. चांगलं पाच मिनिटं सांगितलं. परत वाचायला लागली.

माझी साडेचारची गाडी होती. जाते म्हटलं, दोघांनीही मान हलवली, पण माझ्याकडं बघितलं नाही. फाटकाची कडी लावताना मला दिसलं, भावजयीनं मघाशी आणून ठेवलेला चहा हवालदारांच्या शेजारी तसाच होता. ते चहा बशीत ओतून मोठ्यानं फुरके मारून पितात, आमच्या घरापर्यंत ऐकू येतं. चहावर जाड साय धरली होती. त्यांनी कपाला हात लावलेला नव्हता.